माऊलींचा अश्व आणि आम्ही बंदरावरची माणसे



दिंडीच्या शताब्दीची स्मरणिका काढायचे ठरले तेव्हा लेखांची वाटणी झाली. कोणाकडे विणेकऱ्यांची परंपरा, कोणाकडे मुक्कामांची हकीकत, कोणाकडे पंगतीची व्यवस्था. आम्ही मागून घेतला तो अश्व. बैठकीत हशा पिकला. एकजण म्हणाला, "अहो, पाचूबंदरात घोडा आहे कोणाकडे? आपल्या दारात होड्या. घोड्यावर लिहायचं तर घाटावरच्या माणसानं लिहावं!"

बोलणे खोटे नाही. वसईच्या किल्ल्याला लागून आपली वस्ती. एका बाजूला खाडी, समोर दर्या. आपल्या पोरांना पापलेट आणि घोळ अंधारात हाताने ओळखता येते, पण घोड्याला नाल का ठोकतात ते ठाऊक नसते. तरीही वारीहून परतल्यावर म्हाताऱ्या बायका पहिला प्रश्न काय विचारतात? "विठोबाचं दर्शन नीट झालं का?" हा पहिला. आणि लगेच दुसरा, "घोडा धावला का रं नीट?" ज्यांनी जन्मात घोडा पाळला नाही, त्यांना त्या घोड्याची एवढी काळजी का, याचा शोध घ्यावा म्हणून हा लेख लिहिला. लिहिता लिहिता ध्यानात आले, की या काळजीच्या मागे मोठा इतिहास आहे, आणि आज आपल्याकडूनच त्या काळजीत कसूर होत आहे. ते शेवटी सांगतो. आधी इतिहास.

घोडा समुद्रानेच आला

आपल्याला वाटते, घोडा हे देशावरचे जनावर. पण जुन्या काळी देशावरच्या राजांना चांगला घोडा हवा असला की तो अरबस्तानातून आणि इराणकडून गलबतात बसून यायचा. म्हणजे दख्खनच्या पागेतल्या कितीतरी घोड्यांनी आधी समुद्र पाहिला आणि मग डोंगर.

यातली एक गोष्ट अगदी आपल्या शेजारची आहे. मार्को पोलो नावाचा व्हेनिसचा प्रवासी चीनहून समुद्रमार्गे परतला आणि १२९५ साली घरी पोचला. त्याच्या प्रवासवर्णनात ठाण्याचे नाव येते. तो सांगतो, की ठाण्याच्या राजाचे समुद्रावरच्या चाच्यांशी साटेलोटे होते. लुटलेला बाकीचा माल चाच्यांनी घ्यावा, पण गलबतात घोडे सापडले तर ते सगळे राजाचे. कारण राजाकडे घोडे नव्हते आणि परदेशातून घोडे घेऊन जाणारी गलबते या पाण्यातून जात. ठाण्याची खाडी आणि आपली वसईची खाडी एकमेकींना लागून आहेत. तेव्हा आपल्या किनाऱ्याने घोडा पाहिला तो असा, शिडाच्या गलबतात, दोर बांधून उभा केलेला, वाऱ्याने आणि भीतीने थरथरणारा.

आता काळाचा मेळ पाहा. १२९० साली, म्हणजे शके १२१२ मध्ये, नेवाशाला ज्ञानेश्वरी पूर्ण झाली. १२९६ साली माऊलींनी आळंदीला समाधी घेतली. माऊली गीतेवर बोलत होते, त्याच काळात आपल्या किनाऱ्यावर घोड्यांसाठी लूटमार चालली होती.

मार्को पोलोने आणखी एक गोष्ट लिहिली आहे, ती आम्हाला फार लागली. खाली दक्षिणेकडे, तमिळ मुलखातले राजे दरसाल हजारोंनी घोडे विकत घेत. का? तर आधीचे मरून जात. त्यांची निगा कशी राखावी हे तिथल्या लोकांना माहीत नव्हते. नालबंद नव्हते. घोड्यांना शिजवलेला भात आणि मांस खायला घालत. सोने मोजून आणलेले जनावर, पण त्याला काय हवे नि काय नको हे विचारायला कोणी नव्हते.

म्हणजे घोड्याची हौस वेगळी आणि घोड्याची माया वेगळी. हौस पैशाने भागते. माया करायला पहाटे उठून चंदी घालावी लागते, खरारा करावा लागतो, खूर उचलून खडा रुतला आहे का ते बघावे लागते. आपल्या माणसांना हे सांगायला नको. होडीची हौस असणारे पुष्कळ असतात. पण भर उन्हात तिच्या बुडाला रंग लावायला बसतो, फळीत कुठे पाणी झिरपते ते बोटाने चाचपतो, होडी त्याचीच.

सत्तेचा घोडा

पुढे शतकानुशतके घोडा म्हणजे सत्ता हे समीकरण राहिले. ज्याच्या पागेत घोडे जास्त, त्याचा मुलूख मोठा. आपल्या वसईने हेही पाहिले आहे. १७३७ पासून चिमाजीअप्पांची मोहीम उत्तर कोकणात चालली आणि १७३९ च्या मे महिन्यात पोर्तुगीजांनी वसईचा कोट सोडला. मराठ्यांच्या घोडदळाचे नाव तेव्हा हिंदुस्थानभर गाजत होते. पण वसईच्या कोटाशी गाठ पडल्यावर घोडदौडीचा उपयोग झाला नाही. तटाखाली सुरुंग खणावे लागले, माणसे पायी तटावर चढली आणि शेकड्यांनी पडली. आजही किल्ल्यात फिरताना तो तट पाहिला, की घोड्याच्या जोरावर सगळे जिंकता येत नाही एवढे तरी समजते.

आपल्या संतांनी हे त्याच्याही आधी ओळखले होते. तुकोबारायांची गोष्ट सर्वांना माहीत आहे. शिवाजी महाराजांनी आदराने घोडा आणि मानाचा लवाजमा पाठवला, आणि तुकोबांनी तो नम्रपणे परत केला, असे परंपरा सांगते. घोड्यावर बसून मिरवण्यात त्यांना रस नव्हता. कीर्तनात ही गोष्ट वैराग्याचा दाखला म्हणून येते, ते बरोबरच आहे.

पण मग मनात येते, की ज्या तुकोबांनी घोडा परत पाठवला, त्यांच्या पालखीपुढे आज घोडा कसा चालतो? माऊलींच्या पालखीपुढे कसा? संतांनी नाकारलेला मान आपण मागच्या दाराने परत आणला का?

याचे उत्तर हैबतबाबांच्या चरित्रात आहे.

हैबतबाबा आणि अंकलीचे अश्व

साताऱ्याकडचे आरफळ हे हैबतबाबांचे गाव. हैबतराव पवार हे ग्वाल्हेरला शिंद्यांच्या पदरी सरदार होते. म्हणजे आयुष्याची उमेद गेली ती तलवार, फौज आणि घोडा यांच्या संगतीत. नोकरी संपवून, मिळवलेले धन बरोबर घेऊन ते गावाकडे निघाले. वाटेत सातपुड्याच्या रानात भिल्लांनी गाठले, लुटले आणि कोंडून ठेवले. तिथे त्यांनी हरिपाठ धरला. त्या नामाच्या जोरावर सुटका झाली, आणि घरी जाण्याऐवजी ते आळंदीला येऊन राहिले, अशी हकीकत सांगतात.

त्याआधी, १६८५ पासून, तुकोबांचे पुत्र नारायण महाराज यांनी घालून दिलेल्या परिपाठाने ज्ञानोबा-तुकोबांच्या पादुका एकाच पालखीतून पंढरीला जात. पुढे १८३२ साली हैबतबाबांनी माऊलींचा स्वतंत्र पालखी सोहळा सुरू केला. सोहळ्याला जी शिस्त त्यांनी लावली ती एखाद्या फौजेसारखी. कोणी कुठे चालायचे, मुक्कामाला तंबू कुठे, समाजआरतीच्या वेळी चोपदाराचा दंड वर गेला की लाखांचा समुदाय क्षणात गप्प कसा व्हायचा. सरदारकीत शिकलेली व्यवस्था त्यांनी माऊलींच्या पायी वाहिली.

या कामात त्यांच्या पाठीशी उभे राहिले ते अंकलीचे शितोळे सरकार. अंकली हे गाव आज कर्नाटकात, बेळगाव जिल्ह्यात आहे. राज्यांच्या सीमा नंतर आखल्या गेल्या, पण अंकलीची सेवा खंडली नाही. अश्व आणि जरीपटका यांचा मान तेव्हापासून शितोळे घराण्याकडे आहे. आजही पालखीच्या आधी अंकलीहून अश्व निघतात आणि दहा-अकरा दिवस चालून आळंदीला पोचतात.

हे दोन अश्व. एकावर जरीपटका घेतलेला स्वार असतो. दुसऱ्यावर कोणी बसत नाही. तो माऊलींचा अश्व. त्याच्या पाठीवर खोगीर असते, साज असतो, बसणारा मात्र डोळ्यांना दिसत नाही. स्वतः माऊली त्यावर आरूढ आहेत, हा आपला भाव.

आता तुकोबांच्या गोष्टीशी हे जोडून पाहा. तुकोबांनी परत केला तो माणसाने बसून मिरवायचा घोडा. हैबतबाबांनी सोहळ्यात आणला तो असा, की ज्यावर राजाही बसणार नाही, सरदारही नाही आणि महाराज मंडळीही नाहीत. ज्या जनावरामुळे हजारो वर्षे माणूस माणसापेक्षा उंच दिसला, त्याच जनावराचे खोगीर वारकऱ्यांनी रिकामे ठेवले आणि त्याच्यापुढे सगळे सारखे झाले. घोडेस्वारीत उमर घालवलेल्या एका सरदाराने ही रीत रुजवली. आमच्या मते वारीच्या इतिहासातली ही फार मोठी गोष्ट आहे.

रिंगण

रथापुढे मानाच्या २७ दिंड्या, आणि त्यांच्याही पुढे अश्व. अशी चाल आळंदीपासून पंढरीपर्यंत. तरडगावच्या अलीकडे चांदोबाचा लिंब येथे पहिले उभे रिंगण होते. पुढे माळशिरस तालुक्यात पोचलो की गोल रिंगणे सुरू होतात, आणि शेवटी बाजीरावाची विहीर, वाखरी करत पंढरी.

स्मरणिका वाचणाऱ्या पुढच्या पिढीसाठी गोल रिंगण थोडक्यात सांगून ठेवतो. मोकळ्या माळावर मधोमध पालखी. तिच्याभोवती दिंड्यांचा वेढा. पताकावाले, डोईवर तुळस घेतलेल्या बाया, विणेकरी, टाळकरी, पखवाजी. मध्ये धावेला गोल वाट मोकळी ठेवतात. आधी चोपदार फिरून वाट पाहतात. मग पताका धावतात, तुळशी धावतात, विणे धावतात. मग अश्व सुटतात. पुढे स्वाराचा, मागे माऊलींचा. टाळ थांबलेले असतात आणि टापा तेवढ्या ऐकू येतात. माऊलींचा अश्व स्वाराच्या अश्वाला गाठतो आणि "माऊली, माऊली" असा जो गजर उठतो, तो ज्याने ऐकला त्याला सांगायला नको.

आमच्या लहानपणी पहिल्यांदा रिंगण पाहिले तेव्हा आम्हाला दर्या आठवला होता. उधाणाच्या भरतीला लाट फुटायच्या आधी क्षणभर सगळे गप्प होते ना, तसे.

रिंगण झाले की लोक त्या वाटेवर धाव घेतात. अश्वाच्या टापांखालची माती कपाळाला लावतात, पदराच्या गाठीला बांधतात. आपल्या पाचूबंदरात कितीतरी घरी देव्हाऱ्यात ती माती पुडीत ठेवलेली आहे. नारळी पुनवेनंतर होडी पाण्यात लोटताना चिमूटभर माती नाळीला लावणारेही आहेत.

आपली वारी आणि आपला धंदा यांचा मेळही देवानेच घातला म्हणायचा. १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद. होड्या वर ओढलेल्या, शाकारलेल्या. आषाढीची वारी नेमकी याच दिवसांत येते. हाताला काम नाही, तेव्हा पायाला वाट. म्हणून वल्ही आणि जाळी ओढणारे हात टाळ घेऊन निघाले आणि दिंडी उभी राहिली. घाटावरचा शेतकरी पेरणी करून निघतो, आपण होडी झाकून निघतो. तो मागे बैलांची काळजी सोडून येतो, आपण होडीची. म्हणूनच की काय, वाटेत दुसऱ्याचे जनावर पाहिले की जीव त्याच्याकडे ओढ घेतो.

देवाने घोडे धुतले

कीर्तनात आपण नेहमी ऐकतो, देवाने अर्जुनाचे घोडे धुतले. ऐकून ऐकून ते सवयीचे झाले. मूळ प्रसंग महाभारताच्या द्रोणपर्वात आहे आणि तो नीट ऐकण्यासारखा आहे.

युद्धाचा चौदावा दिवस. सूर्य मावळायच्या आत जयद्रथाला मारीन, अशी अर्जुनाची प्रतिज्ञा. एक एक घटका मोलाची. अशा वेळी रथाचे घोडे थकले. अंगात बाण रुतलेले, तहानेने कासावीस. तेव्हा काय केले? रथ थांबवला. अर्जुन खाली उतरला, शत्रूला पायी तोंड देत उभा राहिला, बाण मारून त्याने जमिनीतून पाणी काढले. आणि श्रीकृष्णाने घोडे सोडले. एकेकाच्या अंगातले बाण हाताने उपसले, अंग चोळले, त्यांना लोळू दिले, पाणी पाजले, चारा दिला. त्यांचा शीण गेल्यावर पुन्हा जोडले आणि रथ पुढे नेला.

सूर्य मावळतीकडे चालला आहे, प्रतिज्ञा मोडली तर अर्जुनाचा प्राण जाणार आहे, आणि देव घोड्याला लोळू देतो आहे. तोच देव आपल्या पंढरीत कटीवर हात ठेवून उभा आहे. मग घोड्याला पाणी पाजण्याइतका वेळ आपल्याला का नसावा?

आपल्या संप्रदायात ही शिकवण जागोजागी आहे. नाथांनी रामेश्वराला न्यायची गंगेची कावड तहानेने तडफडणाऱ्या गाढवाच्या मुखी रिती केली. नामदेवराय पोळी पळवणाऱ्या कुत्र्यामागे तुपाची वाटी घेऊन धावले. माऊलींनी पैठणला ज्या रेड्यामुखी वेद बोलविले, त्या रेड्याची समाधी जुन्नर तालुक्यात आळे गावी आहे आणि लोक आजही तिथे माथा टेकतात. मुक्या जनावराची समाधी बांधणारा हा संप्रदाय आहे. जनावरात देव पाहायचा म्हणजे त्याची तहान, त्याचा शीण, त्याची भीती ओळखायची. या सगळ्या कथांचे सार हेच.

हिरा

२०१८ सालची वारी. पालखी पुण्यात मुक्कामाला असताना सोहळ्यातला हिरा नावाचा अश्व हृदयविकाराच्या झटक्याने गेला.

बातमी दिंड्यादिंड्यांत पसरली तेव्हा पहिल्यांदा कोणाला खरी वाटेना. मग आमच्या तंबूत शांतता झाली. कोणी उगाच टाळांच्या दोऱ्या नीट करत बसले. आमच्यातल्या एक मावशी, ज्यांनी नवऱ्याला दर्यात गमावले तेव्हाही चारचौघांत डोळ्यांतून पाणी काढले नव्हते, त्या पदराने डोळे पुसत म्हणाल्या, "आपल्या घरचंच कोणी गेलं असं वाटतंय गं." त्या घोड्याला त्यांनी कधी हाताने गोंजारले नव्हते. वर्षातून दोन-चार वेळा, तेही लांबून, धावताना पाहिले एवढाच संबंध. पण तेवढ्यावर त्याचे नाते लागले होते.

आम्हाला तेव्हा अंकलीच्या त्या माणसांची आठवण झाली, जी वर्षभर त्या अश्वाच्या अंगावरून हात फिरवतात. आपण त्याला माऊलींचा अश्व म्हणून पाहतो. त्यांना तो तसाही आहे आणि पोटच्या पोरासारखाही आहे. त्याने आज चंदी कमी खाल्ली, मागचा उजवा पाय जपून टाकला, हे त्यांना त्याच्या चालीवरून कळते. त्या मोतद्दारांचे नाव आपल्याला माहीत नसते. माऊलींचा जयजयकार होतो तेव्हा ते लगामाशी उभे असतात आणि त्यांचे लक्ष घोड्याच्या कानांकडे असते. घोडा काय ठरवतो आहे ते कानांवरून कळते म्हणतात.

वारी थांबली नाही. थांबणारही नाही. पण त्या वर्षी रिंगणाला उभे राहिलो तेव्हा टापांच्या आवाजाबरोबर पोटात कालवत होते.

पुढे २०२० आणि २०२१ साली करोनाने पायी वारीच झाली नाही. पादुका एसटीने पंढरीला गेल्या. ना दिंड्या, ना रिंगण. आपण सगळे बंदरावर घरातच होतो. दोन्ही वर्षी रिंगणाच्या तिथीला कोणीतरी बोलून जायचेच, "आज घोडा धावला असता." असता-नसताच्या या बोलण्यात केवढी माया होती, ते आता कळते.

तांडेलांनी सांगितलेली गोष्ट

आता जे सांगायचे म्हणून वर म्हटले होते, ते.

पुष्कळ वर्षांपूर्वी एका रिंगणात आमच्याच दिंडीतला एक जवान पोरगा वेढा सोडून वाटेत घुसला. अश्व समोरून येत होता. याला त्याच्या पायाला हात लावायचा होता. घोडा बिचकला, आडवा झाला, पुन्हा सावरला. मोतद्दार मागून ओरडत धावला. पोरगा मातीत पडला, कोपर फुटले, बाकी निभावले. बाहेर येऊन तो आनंदाने सांगत सुटला, "हात लागला! माझा हात लागला!"

तेव्हा आमच्या दिंडीत एक जुने तांडेल होते. बोलणे कमी. त्यांनी पोराला जवळ बसवले, कोपराला हळद लावली आणि विचारले, "काय रे, होडी शिडावर भरधाव असताना तू तिच्या नाळीपुढे पाण्यात उडी मारशील?"

"नाही."

"का?"

"तांडेलाला वळवता येणार नाही. होडी उलटेल."

"मग या होडीचा तांडेल कोण आहे?"

पोरगा गप्प झाला. तांडेल म्हणाले, "तू माऊलींच्या पुढ्यात उडी मारलीस. हात लावलास म्हणतोस. त्याला विचारलंस का, त्याला काय लागलं?"

ही गोष्ट आमच्यात बरीच वर्षे हसत सांगितली जायची. आता हसू येत नाही. कारण असे करणारा तेव्हा एखादा असायचा, आता शेकडो असतात. टापांना हात लावायला, शेपटीचा केस ओढायला, मोबाईल पुढे धरून फोटो काढायला झुंबड उडते. आम्ही घाटावरच्या घोडेवाल्यांना विचारून काही गोष्टी समजून घेतल्या, त्या इथे मांडतो.

घोड्याचे डोळे डोक्याच्या दोन बाजूंना असतात. त्याला जवळजवळ सगळीकडचे दिसते. पण अगदी नाकासमोरचे आणि थेट पाठीमागचे दिसत नाही. आपण नेमके त्याच दोन जागी जातो. समोरून अचानक हात आला किंवा मागून कोणी स्पर्श केला, तर वाघ आला की वारकरी, हे त्याला कसे कळावे? पळून जाणे हेच देवाने त्याला दिलेले शस्त्र आहे. आणि चहूबाजूंनी माणसे असली तर पळायलाही जागा नसते.

दुसरे, घोड्याला तोंडाने श्वास घेता येत नाही, नाकानेच घ्यावा लागतो. धावून आल्यावर नाकपुड्या फुललेल्या असतात. त्याच वेळी आपण त्याच्या तोंडाभोवती गर्दी करतो आणि बुक्का उधळतो.

तिसरे, घोड्याला उलटी होत नाही. पोटात गेलेले बाहेर टाकता येत नाही. पोटशूळ उठला तर जिवावर बेतते. आपण मायेने पेढा पुढे करतो, केळे देतो, साखरफुटाणे देतो. एकाने दिले तर एक. हजारांनी दिले तर काय होईल? मार्को पोलोच्या गोष्टीतले भात खाऊन मेलेले घोडे आठवा. त्या लोकांचाही घोड्यांवर राग नव्हता. त्यांना फक्त ठाऊक नव्हते. आता आपल्याला ठाऊक झाले आहे.

आणि चौथे. आळंदी ते पंढरी अडीचशे किलोमीटरच्या आसपास. आपण तेवढे चाललो की रात्री पाय तेलाने चोळून घेतो, नातवंडांना सांगतो. अश्व त्याआधीच अंकली ते आळंदी तीनशेच्या आसपास किलोमीटर चालून आलेला असतो. तोही डांबरी रस्त्यावरून, नालांवर. म्हणजे आपल्यापेक्षा मोठा वारकरी तो आहे. वारकरी वारकऱ्याला भेटला तर काय करतो? लांबून वाकतो, माऊली म्हणतो, वाट देतो, पाणी विचारतो.

दिंडीचा शंभरीतला नेम

म्हणून शताब्दीच्या निमित्ताने आपल्या दिंडीने एक नेम घ्यावा, असे आम्ही सुचवतो. अध्यक्ष, विणेकरी आणि सर्व माळकऱ्यांनी विचार करावा.

रिंगणात अश्व सुटल्यापासून तो पुन्हा मोतद्दाराच्या हाती जाईपर्यंत आपल्या दिंडीतल्या कोणीही वेढा सोडू नये. अश्वाला हात लावू नये. त्याला काही खायला देऊ नये. त्याच्या पुढ्यात मोबाईल धरू नये. नवीन पोरांना आळंदीतच हे समजावून सांगावे, आणि सांगताना धाक घालू नये, तांडेलांची गोष्ट सांगावी. आणि मुक्कामाला अश्वांची माणसे दिसली, तर पंगतीला आधी त्यांना बोलवावे. सेवा करायची हौस ज्यांना असेल, त्यांनी घोड्याजवळ न जाता त्याची सेवा करणाऱ्याची सेवा करावी.

कोणी म्हणेल, मग टापांच्या मातीचे काय? त्या मातीवर आपली श्रद्धा आहे. तर माऊली, माती कुठे पळून जात नाही. अश्व धावून गेला तरी ती तिथेच राहते. रिंगण संपल्यावर, अश्व बाजूला गेल्यावर, सावकाश जावे, वाकावे, चिमूटभर घ्यावी. आपल्या बंदरावरच्या देव्हाऱ्यांतली माती आपल्या आजोबा-पणजोबांनी अशीच आणली. त्यासाठी त्यांनी कधी घोड्याला हात लावला नाही.

यंदा वारीहून परतल्यावर म्हाताऱ्या विचारतील, "घोडा धावला का रं नीट?" तेव्हा आपल्याला सांगता आले पाहिजे, "धावला, आजी. आणि आम्ही त्याला नीट धावू दिला."

पुंडलिक वरदे हरि विठ्ठल. श्री ज्ञानदेव तुकाराम. पंढरीनाथ महाराज की जय.